संकल्पसिद्ध काळ

मी पाणीपुरवठा कार्यालयात उत्तर-लेखनिक आहे. नागरिकांच्या तक्रारींना उत्तरे लिहिणे हे माझे काम. तक्रारी दूर करणे हे दुसऱ्या मजल्याचे. अकरा वर्षांच्या सेवेत मला दुसऱ्या मजल्यावर जाण्याची गरज पडलेली नाही.

याच अकरा वर्षांत मी एक अद्भुतरम्य कादंबरी लिहितो आहे. तिचे पहिले पान अजून व्हायचे आहे, पण तिच्यातल्या राज्याची भाषा मी नऊ वह्यांत पूर्ण केली आहे. भाषेचे नाव निमिषी. निमिषीत वेळ सांगितल्याशिवाय क्रियापद तोंडातून निघतच नाही. ‘तुमेश’ म्हणजे ‘सूर्य मावळायच्या आत करतो’, ‘तुमोळ’ म्हणजे ‘ऋतू बदलायच्या आत करतो’. दिलेली वेळ टळली, की ते क्रियापद बोलणाऱ्याला वर्षभर बंद. येतो म्हणून जो गेला नाही, त्याने वर्षभर ‘येणे’ हा शब्द उच्चारायचा नाही. अशी कडक भाषा घडवणारा माणूस स्वतः किती शिस्तीचा असेल, असे तुम्हाला वाटणे साहजिक आहे. मलाही तसेच वाटत असे.

एके दिवशी फायलींच्या गठ्ठ्याबरोबर माझी चौथी वही साहेबांच्या टेबलावर गेली. साहेबांनी ती तक्रार समजून वर पाठवली. वरच्यांनी ती योजना समजून मंजूर केली. पहिल्या तारखेपासून नागरिकांना सर्व उत्तरे निमिषीत द्यावीत, असा आदेश निघाला.

पंधरवड्यात कार्यालयाची दैना झाली. दुरुस्ती अभियंत्याची ‘खोदणे’, ‘जोडणे’ आणि ‘पाठवणे’ ही क्रियापदे पहिल्याच आठवड्यात गेली. दुसऱ्या आठवड्याअखेर त्याच्याकडे नुसती नामे उरली. खिडकीशी आलेल्या एका बाईंना तो, “पाइप... रस्ता... खड्डा... मी...” एवढेच सांगून हात जोडू लागला. बाईंची तक्रार नळाला पाणी नसल्याची होती, पण त्याची अवस्था बघून त्यांनी आपल्या बाटलीतले पाणी त्यालाच पाजले.

साहेबांनी मला आत बोलावले. त्यांचे ‘बघणे’ नुकतेच जप्त झाले होते.

“अहो, मला ‘बघू’ म्हणता येत नसेल, तर या खुर्चीत बसून मी करायचं काय?”

“साहेब, दिलेली वेळ पाळली की—”

“वेळ पाळायची असती, तर भाषा कशाला लागली असती? एक काळ वाढवून द्या. असा, की काम करायचं ठरलं, की ते झालंच!”

वास्तविक मी नाही म्हणायला हवे होते. पण लेखक म्हणून माझ्याकडे कोणी काही मागण्याची ही पहिलीच वेळ होती. मी उभ्या उभ्या संकल्पसिद्ध काळ रचून दिला. ‘तुमाह’: करण्याचे मनात आले, सबब केले. साहेबांना गहिवरून आले, आणि खरे सांगतो, मलाही.

त्या संध्याकाळपर्यंत आमच्याकडच्या चार हजार तक्रारी निकाली निघाल्या. ही प्रगती पाहून इतर कार्यालयांनीही नवा काळ मागून नेला. अग्निशामक दल फोनवरच आग विझवू लागले. सरकारी रुग्णालयातल्या रुग्णांची प्रतीक्षायादी भराभर आटू लागली.

त्या यादीत माझी आई होती. तिने तीस वर्षे शिंप्याच्या दुकानात काज-बटणे केली. आता दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. सुईत दोरा ओवायला ती शेजारणीला हाक मारायची आणि मला पावलांवरून ओळखायची.

“अरे, दवाखान्याचं काही आलं का?” ती रोज विचारायची.

“येईल गं. त्यांचं काम म्हणजे तुला माहीतच आहे.”

नवा काळ आल्यावरही असे आठ महिने गेले. मग एक दिवस रुग्णालयाचे पत्र आले: शस्त्रक्रिया तुमाह, फाइल बंद. माझे डोके फिरले. आईला घेऊन मी तडक रुग्णालय गाठले, तिला बाकावर बसवले आणि टेबलामागच्या सिस्टरवर तोंड सोडले.

“हिचं ऑपरेशन झालं म्हणता? हिला माझं तोंडसुद्धा दिसत नाही! माणसं आहात की कोण?”

सिस्टरने शांतपणे फाइल उघडली.

“अहो, खाट तयार होती, डॉक्टर तयार होते. नियमाप्रमाणे नातेवाइकाने समोर येऊन सही करायची असते. आम्ही तुमच्या ऑफिसच्या पत्त्यावर सात महिन्यांत तीनदा कळवलं.”

“मग?”

“तिन्ही वेळा तुमचं उत्तर आलं. अक्षर छान आहे तुमचं.”

तिने फाइल माझ्याकडे वळवली. तीन कागद, तिन्हींवर माझे वळणदार अक्षर: ‘सही तुमाह.’ टपालाच्या ओघात मी माझ्या आईलाही निकाली काढले होते.

“तुम्ही सही केल्याचं कळवलंत, म्हणून आम्ही ऑपरेशन केल्याचं कळवलं,” सिस्टर म्हणाली.

मी तिथेच सही केली. सहीला अर्धे मिनिट लागले. डॉक्टरांनी आईला तपासले आणि मला बाजूला घेऊन सांगितले, की उजवा डोळा गुरुवारी करू. डाव्यातला मोतीबिंदू जास्त पिकून आत दाब वाढला होता. ती नजर आता परत येणार नव्हती. सहा महिने आधी आला असतात तर वाचली असती, म्हणाले.

“काय रे, कुणाचं चुकलं?” आईने विचारले.

“त्यांच्याकडे एक कागद राहिला होता,” मी म्हणालो.

तिने चाचपडत माझा हात धरला. “जाऊ दे, चिडू नकोस त्यांच्यावर. त्यांनाही किती कामं असतात.”

मला रडू आले. मला माझी इतकी शरम कधी वाटली नव्हती, आणि तरीही तिला खरे सांगायला जीभ रेटली नाही.

गुरुवारी उजवा डोळा झाला. वीस मिनिटे लागली.

आता सरकारने सर्व नागरिकांना संकल्पसिद्ध काळ शिकवण्यासाठी मोफत वर्ग काढले आहेत आणि मला तिथे मानद शिक्षक नेमले आहे. बाके आहेत, फळा आहे, विद्यार्थी एकही नाही. कारण शोधायला समिती घरोघर फिरली, तेव्हा कळले की हा काळ सगळ्यांना आधीपासूनच अस्खलित येतो. त्यामुळे तुमचीही परीक्षा माफ आहे. अहवालाला नमुन्यादाखल फक्त एक वाक्य हवे: घरून शेवटचा फोन आला, तेव्हा तुम्ही काय म्हणालात?