अकरा टोप्या आणि रोमची रंगीत तालीम

गिरीश देवस्थळी हा माणूस दाढीसुद्धा प्लॅन केल्याशिवाय करत नाही! खोटं वाटत असेल तर त्याच्या बायकोला, विभावरीला विचारा. हनिमूनलासुद्धा तो दिवसाचं वेळापत्रक छापून घेऊन गेला होता आणि त्यात ‘सूर्यास्त पाहणे – वीस मिनिटे’ अशी नोंद होती.

गिरीश कतारमध्ये गॅस कंपनीत प्लॅनिंग इंजिनियर. राहायला दोह्यातल्या अल हिलाल भागात. पंधरा वर्षांत त्याचं एकही शटडाउन, म्हणजे दुरुस्तीसाठी प्लांट बंद ठेवायचं काम, एका तासानेसुद्धा लांबलं नाही, हे तो स्वतःच सांगतो, आणि विचारायच्या आधी सांगतो. त्यामुळे दोह्यातल्या ओळखीच्या बारा मराठी मंडळींनी मे महिन्यात रोमला जायचं ठरवलं, तेव्हा ग्रुप लीडर कोण, हा प्रश्नच नव्हता. गिरीशने तो कुणाला विचारूच दिला नाही.

“आपण जाण्याआधी ड्रिल करायचं,” त्याने जाहीर केलं. “प्लांटमध्ये आम्ही आग लागायच्या आधी आग लागल्याची तालीम करतो. तसंच हे. शुक्रवारी चार वाजता सूक वाकिफमध्ये पूर्ण रोम करायचं!”

“जुन्या बाजारात रोम?” विभावरीने विचारलं.

“मनात आणलं की होतं सगळं.”

लगेच व्हॉट्सॲप ग्रुपवर नियमांची पीडीएफ पडली. नियम एक : लीडरच्या झेंड्यावरची नजर हलवायची नाही. नियम दोन : रोममध्ये पाकीटमार फार, म्हणून फोन सायलेंट करून शर्टाच्या आत कमरेच्या पाऊचमध्ये ठेवायचे. नियम तीन : मध्ये मध्ये बोलायचं नाही, प्रश्न शेवटी. नियम चार : कोणी चुकलाच, तर शोधत फिरायचं नाही, सरळ मस्टर पॉइंटला, म्हणजे बाजारातल्या त्या भल्यामोठ्या सोनेरी अंगठ्याच्या पुतळ्यापाशी यायचं. सहा वाजता सगळे तिथेच भेटणार. आणि नियम पाच, तोही लाल अक्षरात : ड्रिलमध्ये जो हरवेल, त्याचं नाव यादीतून कट!

हा पाचवा नियम कोणासाठी आहे, ते सगळ्या ग्रुपला कळलं. नानांसाठी.

नाना म्हणजे गिरीशचे वडील. वय वर्षं चौऱ्याहत्तर, नाशिकला शाळेत चौतीस वर्षं इतिहास शिकवून निवृत्त. हिवाळ्यात मुलाकडे राहायला येतात. गेल्याच महिन्यात कोपऱ्यावरच्या दुकानात ब्रेड आणायला गेले आणि अडीच तासांनी परत आले. रोटीच्या भट्टीवाल्या पठाणाशी अशोकाच्या शिलालेखांवर बोलत बसले होते. ब्रेड आणलाच नाही! तेव्हापासून गिरीशने धसका घेतला होता. इथे पठाण भेटला, तिथे रोममध्ये कोण कोण भेटेल!

पण नानांना रोम बघायचं होतं. चौतीस वर्षं दरवर्षी त्यांनी फळ्यावर रोमचा नकाशा काढला होता, न बघता, एका हाताने. ती नदी, त्या सात टेकड्या, ते कलोसियम. स्वतः कधी पाहिलं नव्हतं. मागायचा स्वभाव नाही, पण ट्रिपचं ठरल्यापासून त्यांनी नवे बूट आणले होते आणि रोज संध्याकाळी गॅलरीत घालून फिरत होते. रविवारी सकाळी नावांची पक्की यादी ट्रॅव्हल एजंटकडे जायची होती.

“नाना, नियम वाचलेत ना? पाचवा?” गिरीशने विचारलं.

“मंजूर,” नाना म्हणाले. बस, एवढंच.

शुक्रवारी चारच्या ठोक्याला मंडळी बाजारात हजर. डिसेंबरची छान हवा. कंपनीच्या सेफ्टी वीकमधून उरलेल्या पिवळ्याधमक टोप्या गिरीशने सगळ्यांना वाटल्या. अकरा माणसं, अकरा टोप्या. स्वतः लीडर, म्हणून बिनटोपीचा. हातात मॉपचा दांडा, त्याला केशरी सेफ्टी जॅकेटचा कापलेला तुकडा. बघणाऱ्याला वाटावं, इथे आता रस्ता खणणार आहेत.

“बाबा, धिस इज सो एम्बॅरॅसिंग,” आठवीतली नुपूर पुटपुटली आणि टोपी नाकापर्यंत ओढून घेतली.

“प्रश्न शेवटी!”

“इट वॉझन्ट अ क्वेश्चन!”

“यल्ला, चला!”

आणि निघाली वरात! मसाल्यांच्या गल्लीला गिरीशने रोमन फोरम केलं. “इथे सिनेटर लोक भाषणं करायचे!” दालचिनीच्या पोत्यामागचा दुकानदार घाबरून उभा राहिला. वळणावळणाच्या मिनाराला पँथिऑन केलं. मग ससाण्यांचा बाजार आला. दांडीवर डोळे झाकलेले ससाणे ओळीने बसलेले. गिरीशने झेंडा उंच केला.

“हे व्हॅटिकन! आत शांतता राखायची!”

मागे कोणीतरी खळखळून हसलं. गिरीशने मागे वळून कडक नजर टाकली. तेवढ्यात समोरून पर्यटकांचा एक मोठा जथा आला. क्रूझवरचे लोक असावेत. अरुंद गल्लीत दोन मिनिटं नुसती रेटारेटी झाली. पण गिरीश डगमगला नाही. पलीकडे पोचल्याबरोबर त्याने झेंडा रोवला आणि पिवळ्या टोप्या मोजल्या. नऊ, दहा, अकरा. शाब्बास! पाठ थोपटून घ्यावी असं वाटलं, पण हात झेंड्याला होता.

“अहो,” विभावरी म्हणाली.

“शेवटी.”

“अहो, पण ऐका तरी...”

“विभा, रोमला गाइड थांबतो का कोणासाठी?”

पुढे कबुतरांचं मैदान, ते स्पॅनिश पायऱ्या झालं. पुन्हा मोजणी. अकरा! पाण्याचा कारंजा, तो अर्थातच ट्रेवी. सगळ्यांनी त्याला पाठ करून उभं राहायचं, नाणं टाकल्यासारखा हात करायचा. पुन्हा मोजणी. अकरा! हर्षल नावाचा आयटीतला तरुण कॉन्ट्रॅक्टवर आलेला, तो मनापासून म्हणाला, “सर, सॉलिड ऑर्गनायझेशन.” गिरीशची छाती इंचभर फुगली. मागच्या रांगेतली एक पिवळी टोपी तर त्याच्या प्रत्येक वाक्याला मान डोलावत होती. नानांना पटतंय म्हणायचं! त्याला एकदम भरून आलं. उगाच आपण म्हाताऱ्यावर संशय घेतला.

साडेपाचला शेवटची मोजणी. अकरा!

“शंभर टक्के!” गिरीश गरजला. “झीरो इन्सिडेंट! आता विचारा प्रश्न.”

“माझा एकच आहे,” विभावरी म्हणाली. “नाना कुठेत?”

“हे काय, मागे...”

मागची पिवळी टोपी वर झाली. टोपीखाली पांढरे कुरळे केस, कानात सोन्याचे डूल, ओठांवर लिपस्टिक. सत्तरीच्या एक गोऱ्या बाई गोड हसल्या आणि म्हणाल्या, “बेल्लिस्सिमो!”

“हे नाना नाहीत!” गिरीश किंचाळला.

“ऑब्व्हियसली, बाबा,” नुपूर म्हणाली. “शी इज लुचिया. शी इज फ्रॉम रोम.”

“रोम?”

“व्हॅटिकनपासून आहेत आपल्याबरोबर,” विभावरी म्हणाली. “तेच सांगत होते मी. तीनदा!”

म्हणजे गेला पाऊण तास गिरीश देवस्थळी रोमच्या बाईला, मराठीत, कतारमध्ये, रोम दाखवत होता! पण ते मनाला लागायला आत्ता वेळ नव्हता. त्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं. नानांना फोन लावला. वाजला असेल, पण कुठे? शर्टाच्या आत, पाऊचमध्ये, सायलेंटवर. नियम दोन!

“नानाऽऽ!” गिरीश झेंडा घेऊन पळत सुटला.

आता लीडर पळाला म्हटल्यावर दहा मराठी टोप्याही पळाल्या. नाना मागे एकटेच राहिले असतील, या काळजीने विभावरी सगळ्यांच्या पुढे. लुचियाबाईही मागे राहिल्या नाहीत, त्यांना हा कार्यक्रमाचाच भाग वाटला. फोरम झालं, पँथिऑन झालं. व्हॅटिकनमध्ये गिरीशने ससाणेवाल्याला विचारलं, “माय फादर? येलो कॅप?” ससाणेवाल्याने त्याच्या मागे बोट दाखवलं. मागे आता वीसएक माणसं उभी होती! केशरी झेंडा पळताना दिसला की आपला ग्रुप निघाला असं वाटून दोन जर्मन जोडपी, एक कोरियन कुटुंब आणि आइसक्रीम खाणारा एक एकटा गृहस्थ धापा टाकत सामील झाले होते.

“गो! नॉट युवर फ्लॅग!” गिरीश ओरडला आणि हात हलवले. त्यांनीही हसून हात हलवले.

मग मात्र तो मसाल्यांच्या गल्लीत परतला आणि दालचिनीच्या पोत्यावर मटकन बसला. “विभा, नाना हरवले गं,” तो म्हणाला. “नवे बूट घालून आले होते. मी कशाला तो पाचवा नियम घातला? ते नुसते मिळू देत. रोमला मी नाही गेलो तरी चालेल.”

विभावरीने त्याच्या खांद्यावर हात ठेवला. रागावली होती, पण ठेवला.

“सर,” हर्षल चाचरत म्हणाला, “नियम चार काय होता? कोणी चुकला तर शोधत फिरायचं नाही, मस्टर पॉइंटला...”

गिरीशने कपाळावर हात मारून घेतला. स्वतःची पीडीएफ स्वतःच विसरला होता!

सोनेरी अंगठ्यापाशी वरात पोचली तेव्हा सहा पन्नास झाले होते. अंगठ्याखाली तीस-पस्तीस पिवळ्या टोप्या गोल करून बसल्या होत्या. मध्यभागी नाना. हातात करक, म्हणजे तिथल्या दाट दुधाच्या चहाचा कागदी पेला. पुढ्यात एका पत्रकाच्या मागे पेनाने काढलेला रोमचा नकाशा.

नानांनी घड्याळाकडे पाहिलं. “पन्नास मिनिटं लेट,” ते म्हणाले. “तुझं शटडाउन कधी लांबत नाही ना रे?”

“नाना! कुठे होतात तुम्ही?”

उत्तर दिलं शेजारी उभ्या असलेल्या तरुण गाइडने. तिच्या हातात हुबेहूब तसाच केशरी झेंडा होता आणि तिच्या क्रूझवरच्या इटालियन पाहुण्यांच्या डोक्यावर तशाच पिवळ्या टोप्या. ताहेरुन्निसा तिचं नाव, मूळची हैदराबादची. “सॉरी सर, मैंने टोपियाँ गिनीं, पूरी थीं. बस चलने के बाद पता चला कि एक मेहमान ज़्यादा समझदार है!”

मग तिने सगळं सांगितलं. ती ग्रुपला बसने कतारा नावाच्या कलासंकुलात, तिथल्या दगडी पायऱ्यांच्या मोठ्या रंगमंचाकडे घेऊन गेली. तिथे ती इटालियन पाहुण्यांना म्हणाली, “हे अगदी तुमच्या कलोसियमसारखं.” झालं! मागून आवाज आला, “नो, नो, मॅडम. धिस इज हाफ सर्कल. कलोसियम इज फुल ओव्हल, एटी आर्चेस.” मग नानांनी पेन मागितलं आणि नकाशा काढला, न बघता, एका हाताने. एका इटालियन म्हाताऱ्याने त्यावर बोट ठेवलं, म्हणाला, माझं घर इथे. नाना म्हणाले, मग तुम्ही दारातून बाहेर पडलात, डावीकडे वळलात की पाच मिनिटांत पँथिऑन! म्हातारा ताडकन उठला. खरंच की! त्याने नानांना विचारलं, शेवटचे कधी आला होतात रोमला?

“और दादाजी बोले, नेव्हर,” ताहेरुन्निसा म्हणाली. “सर, फिर जो तालियाँ बजीं ना!”

हा आपला बाप! चौतीस वर्षं नाशिकच्या पोरांपुढे जे काढलं, ते रोमच्या माणसांनी खरं आहे म्हणून कबूल केलं होतं. तो नानांच्या पाया पडायला वाकला आणि मॉपचा दांडा एका इटालियनच्या पोटात लागला.

“असू दे, असू दे,” नाना म्हणाले. “आधी सांग, नियम पाच काय होता?”

“जो हरवेल... त्याचं नाव कट.”

“मी झेंड्यावरची नजर हलवली नाही. बसमध्ये चढल्यावर कळलं की झेंडा दुसराच आहे. पण ही पोरगी म्हणाली, पावणेसहाला परत आणून सोडते. सहाला मी अंगठ्यापाशी हजर. मग हरवलं कोण?”

उत्तर दिलं नुपूरने, आणि जन्मात पहिल्यांदा न सांगता मराठीत दिलं : “बाबा हरवले!”

लुचियाबाईंनी आपल्या माणसांना काहीतरी सांगितलं आणि सगळे हसून लोळायला लागले. ताहेरुन्निसा ओठ दाबत म्हणाली, “वो पूछ रही हैं, व्हॅटिकन में परिंदे कब से रखने लगे?”

नानांनी शांतपणे गिरीशच्या हातातून झेंडा घेतला. आपली पिवळी टोपी काढून त्याच्या डोक्यावर ठेवली, नीट दाबून बसवली. “नाव कट नाही करत. पण रांगेत मागे राहायचं. चला, गाडीकडे निघायच्या आधी मोजणी!”

अकरा जण ओळीने उभे राहिले. नानांनी मोजायला सुरुवात केली, पण गिरीशसारखी नाही. एकेकाच्या समोर जायचं, टोपी वर उचलायची, खालचं तोंड बघायचं, मग पुढे. विभावरी. नुपूर. हर्षल. शेवटी गिरीश. त्यांनी त्याची टोपी उचलली, चष्मा सावरला, बराच वेळ निरखून पाहिलं.

“अकरा,” नाना म्हणाले. “हाही आपलाच आहे.”