बेस माणूस

एकोणीसशे चौऱ्यांशी साल. मी त्रेसष्ट वर्षांचा, शिक्षण तिसरीपर्यंत. पुढं मास्तरांचं आणि माझं पटलं नाही. चूक मास्तरांची होती.

त्या साली माझ्या सुरेशनं मला अमेरिकेला नेलं. टेक्सासात शुगर लँड म्हणून गाव आहे. नाव साखरेचं, पण ऊस औषधालाही दिसला नाही. पहिल्याच सकाळी समोरच्या ओसरीवर एक माणूस दिसला. उकाडा असा की कुत्र्याची जीभ आत जाईना, आणि ह्याच्या अंगात कोट, टाय, डोक्यावर हॅट, पायात पॉलिश केलेले बूट. मांडीवर चार तारांची गिटार. शेजारी स्टुलावर काळा टेलिफोन, त्याची लांबलचक वायर खिडकीतून घरात गेलेली. दुसऱ्या दिवशीही तसाच. आठवडाभर तसाच. लग्नाला निघालेला माणूस, पण मोटार काही येईना.

मला राहवलं नाही. रस्ता ओलांडून गेलो आणि सुरेशनं शिकवलेलं इंग्रजी टाकलं, "वॉट यू डू?"

त्यानं गिटारीवर थाप मारली आणि म्हणाला, "बेस."

मी गार! सातासमुद्रापार गडी आमच्या सातारच्या बोलीत सांगतोय की बेस चाललंय! मी म्हणालो, "लई बेस!" तो खूष होऊन म्हणाला, "येस, बेस!" पाच मिनिटं आम्ही दोघं बेस-बेस करत होतो.

घरी येऊन सांगितलं, तर सुरेश हसून लोळला. "बाबा, बेस म्हणजे ते वाद्य. गाण्याला खालचा आवाज देतं."

"मग तेच की," मी म्हणालो. "खालचा बेस असला तरच वरचा बेस." ह्यात मी आजही माघार घेणार नाही.

नाव एल्मर. माणूस एवढा रुंद की मी त्याला अलमार म्हणू लागलो, अलमारी म्हणणं बरं दिसलं नसतं. तो मला पॉप्स म्हणायचा. काळ्या लोकांची ती नाचायची, ठेक्याची गाणी असतात, ती ध्वनिमुद्रित करताना मागं बसून वाजवायचा त्याचा धंदा. स्टुडिओचा फोन आला की कोट घालायलाही वेळ दवडायचा नाही, म्हणून कोट घालूनच बसायचा.

त्याचं एकच वेड. "वन!" पहिली मात्रा. आपण सम म्हणतो ती. ती पायानं दाबून दाखवायचा आणि म्हणायचा, "पॉप्स, वन सापडली की बाकीच्या आपोआप घरी येतात." रविवारी स्टुडिओ बंद, म्हणून रविवारी तो सुटा. सूनबाई आम्हाला मोटारीतून बाजारात न्यायची. मोटार वळताना तो दिवा टिक-टिक करतो ना, त्यावर हा टाळ्या धरायचा. वळण संपलं तरी म्हणे, "बंद करू नका, ठेका छान लागलाय." सूनबाई संकोची, तिनं मैलभर दिवा तसाच ठेवला. मागचे हॉर्न वाजवत होते.

"बाबा, नेक्स्ट टाइम मी ह्यांना राइड देणार नाही हं," ती मला मराठीत म्हणाली. पुढच्या रविवारी तिनंच त्याच्यासाठी पुढचं दार उघडलं.

एकदा दुकानात कांदे घेता घेता अलमार थबकला आणि बोट वर छताकडं करून म्हणाला, "मी!" मला वाटलं पाल आहे. पाहतो तर वरच्या कर्ण्यातून ह्यानं वाजवलेलं गाणं चाललेलं, आणि ह्याचा अंगठा कांद्याच्या पिशवीवर नाचत होता. आजूबाजूला बाया भाजी निवडत होत्या, कुणाला पत्ता नाही.

त्याच्या घरी भिंतभर रेकॉर्डी. त्यानं त्या गाण्याची रेकॉर्ड काढून दिली आणि मी सूनबाईला म्हणालो, "ह्याचं नाव कुठाय ते वाच." तिनं मागची बाजू वाचली. गाणाऱ्याचं होतं, फोटो काढणाऱ्याचं होतं.

"बाबा, केस सेट करणारीचंसुद्धा आहे. बेसवाल्याचं नाहीये."

मी हसलो नाही. मी तीस वर्षं झीलकरी होतो. पुढं शाहीर पवाडा म्हणतो, मागं उभा राहून जी जी रं जी ओढतो तो झीलकरी. शाहिराला फेटा, हार, हँडबिलावर फोटो. आमचं नाव आमच्या बायकोला ठाऊक. पण आमच्यावाचून शाहिराला दम घ्यायला जागा नाही, हे शाहिरालाही ठाऊक.

मग एका दुपारी त्याच्या ओसरीवर बसलो होतो. उठताना पाय वायरीत अडकला. ओढली, तर सरसर सगळी वायर खिडकीतून बाहेर आली. टोक माझ्या पायाशी. पलीकडं काहीच जोडलेलं नव्हतं.

मला वाटलं मीच तोडली. सूनबाईला हाका मारल्या. अलमार आधी हसला, मग हॅट काढून मांडीवर ठेवली आणि हळू हळू बोलला. सूनबाईनं सांगितलं, "बाबा, स्टुडिओवाल्यांनी मशीन घेतलंय, ते बेस वाजवतं. दीड वर्ष ह्यांना कॉल आला नाही. म्हणून ह्यांनीच वायर काढून ठेवली. म्हणतात, जोडलेला असून वाजला नाही तर मी नकोय असं होतं. आता फोनच बंद आहे, एवढंच."

मग मी म्हणालो, "अलमार, वायर लाव."

"नो, पॉप्स."

"लाव."

"नो."

माझ्याशी हट्टात अजून कुणी जिंकलेलं नाही. मी तिथंच मांडी ठोकली. संध्याकाळी सुरेश मला शोधत आला, "बाबा, हे काय चाललंय यार!" म्हणाला, तेव्हा कुठं अलमारनं हात जोडले, आत गेला आणि टोक भिंतीत खुपसलं. फोनच्या चकतीवरचा नंबर सूनबाईनं तळहातावर लिहून घेतला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पेटीतला फेटा काढून बांधला. जन्मात टेलिफोनला हात लावला नव्हता. सूनबाईला नंबर फिरवायला सांगितला आणि रिसीव्हर कानाला लावून आमच्या खिडकीशी उभा राहिलो. समोर घंटी वाजली. अलमार दचकला. टाय सारखा केला, घसा साफ केला, तिसऱ्या घंटीला उचलला.

"बेस?" मी विचारलं.

"येस सर. बेस."

"जॉब."

"व्हेन, सर?"

"वन!" मी म्हणालो, आणि जी जी रं जी लावलं.

एक वाजता असं समजून त्यानं घड्याळाकडं पाहिलं. मग मान वर करून खिडकीतल्या माझ्या फेट्याकडं पाहिलं. फोन खांद्यात दाबला, पाय उचलला, आणि बरोबर समेवर तार छेडली.