महादेवीअक्कांचा रस्ता

नवा रस्ता झाला की लोक त्यावरून गाडी नेतात. आमच्या शेजारच्या महादेवीअक्का त्याला उलथनं लावतात. भाकरीचं, लोखंडी.

"वरून समदंच चांगलं दिसतंय. उलटून बघावं," हे अक्कांचं ठरलेलं वाक्य. बाजारात वांगं उलटून बघणार, दुकानात साडी उलटून बघणार. माझ्या मुलीला स्थळ आलं, तेव्हा पाहुण्यांसमोरच म्हणाल्या, "गुरुजी, पोराला बी जरा उलटून बघा." पाहुणे चहा न पिताच उठले. पुढं कळलं, पोराचं एक लग्न आधीच झालेलं होतं.

उदगीरच्या अलीकडं आमचं गाव. अक्कांचं कापडाचं दुकान होतं. मालक गेले, दुकान मोडलं, दोन्ही पोरं हैदराबादला. घरात अक्का एकट्या. पण आवाज चौघांचा.

मध्यंतरी गल्लीत डांबरी रस्ता झाला. दुसऱ्याच दिवशी अक्कांनी कडेला उलथनं सरकवलं, अन् तव्यावरून धपाटं निघावं तसा अख्खा थर वर आला. खाली आमची जुनी माती जशीच्या तशी.

अक्कांनी तक्रार केली. उत्तर आलं : चौकशी झाली, रस्ता उत्तम आहे. चौकशी करणारे साहेब तेच, ज्यांनी ठेकेदाराच्या बिलावर सही केली होती.

"अय्यो शिवा! चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या?" अक्का ताडकन उठल्या. "चला गुरुजी, हायकोर्टात."

"मी?"

"मंग? मी काय एकली जाऊ?"

देगलूरचे सोनकांबळे वकील औरंगाबादला खंडपीठात वकिली करतात. त्यांनी याचिका टाकली. बातमी फुटली, तसा ठेकेदार घरी आला. गोड आवाजात म्हणाला, "अक्का, या वयात कोर्टाच्या पायऱ्या कशाला चढता?"

"पक्क्या हायत का, बघून येते की!"

पहिल्या तारखेला अक्कांच्या हातातला डबा बघून गेटवरच्या शिपायानं आम्हाला अडवलं. "आजी, डब्यात काय आहे?"

"रस्ता हाय."

त्यानं झाकण उघडलं, आतला डांबराचा तुकडा बघितला, अक्कांकडं बघितलं, अन् हसत साहेबांना बोलवायला गेला. डबा बाहेरच ठेवावा लागला. वकिलांनी आत फोटो दाखवले. न्यायमूर्तींनी सरकारी वकिलांना विचारलं, "ज्यांनी सही केली, त्यांनीच चौकशी कशी केली?" सरकारी वकील कागद चाळू लागले. आदेश झाला : बाहेरच्या इंजिनिअरांनी तपासणी करायची, अहवाल थेट कोर्टात द्यायचा, अन् रस्ता नीट होईपर्यंत प्रकरणावर कोर्टाची नजर राहील.

मग तारखांवर तारखा. मी वैतागलो, अक्का मात्र खुलत गेल्या. दिवसभराच्या एसटीनं अंग मोडून यायचं, पण कोर्टाच्या आवारात पाय ठेवला की त्या सुनेच्या माहेरी आल्यासारख्या हुकूम सोडायच्या. त्या शिपायाला धपाटी. चहावाल्याला, "साखर कमी टाक रे." जमिनीच्या दाव्यासाठी आलेल्या परभणीच्या एका आजीबाईंशी तर अशी गट्टी जमली, की दोघींच्या वकिलांना एकच तारीख मागून घ्यायला लावलं.

तपासणीत रस्ता पुरता उघडा पडला. सही करणाऱ्या साहेबांवर खात्याची कारवाई सुरू झाली. ठेकेदाराला स्वतःच्या खर्चानं रस्ता नव्यानं करावा लागला, तोही अक्का दारात खुर्ची टाकून बसलेल्या असताना.

शेवटच्या तारखेला न्यायमूर्तींनी याचिका निकाली काढली. बाहेर सोनकांबळे वकिलांनी अक्कांच्या पायाला हात लावला. "अक्का, जिंकलो!"

"लई चांगलं झालं, बाळा. मंग पुढली तारीख कवा?"

"आता तारीख न्हाई अक्का. संपलं."

"समदंच संपलं?"

परतीच्या एसटीत लातूर मागं पडलं. अक्का खिडकीबाहेर बघतच म्हणाल्या, "पोरं फोन करतेत, गुरुजी. 'बरं हाय का,' इचारतेत. बरं हाय म्हणलं की ठिवतेत. वकीलसाहेब इचारायचे, जेवलात का म्हणून."

घरी आल्यावर मी हे बायकोला सांगितलं. ती तशीच उठली, कुंपणाशी गेली अन् हाक मारली, "अक्का, उद्यापासून दुपारचं जेवण आमच्याकडं. मला एकटीला घास उतरत न्हाई."

हे साफ खोटं होतं. माझी बायको चार भाकरी एकटी खाते.

दुसऱ्या दिवशी चूल पेटायच्या आतच अक्का आमच्या स्वयंपाकघरात उभ्या. पदर खोचलेला.

"सरक गं," त्या बायकोला म्हणाल्या, "वरणाला फोडणी मी देते. इतकी वर्सं वास घेऊन राहिले शेजारून. जिरं लई करपवतीस तू."