स्पर्टचं मूळ सापडेपर्यंत

पाणीपुरवठा कार्यालयाच्या शब्दार्थ कक्षात एकच खुर्ची होती आणि तिच्यावर भाषांतरकार बसत असे. तक्रारीत इंग्रजी शब्द आला, की त्याचा अर्थ आणि मूळ प्रमाणित झाल्याशिवाय फाइल पुढे सरकू नये, असा नियम होता. नियम चांगलाच होता. त्यामुळे कामं भलत्याच अर्थाने होत नसत. खरं तर होतच नसत.

त्या सोमवारी आलेली फाइल त्याच्या आत्याच्या गल्लीतली होती. याच आत्याने त्याला लहानाचा मोठा केला होता. तळमजल्यावरच्या खोलीत ती कपडे शिवायची आणि बरोबर दारासमोर जमिनीखालचा पाइप फुटला होता. पाणी सतत येत नसे. मधूनच उसळून थेट उंबरठा ओलांडत असे. पाहणीला गेलेल्या प्लंबरने अहवालात लिहिलं होतं, ‘पाइपातून स्पर्ट येतो.’

भाषांतरकाराने प्लंबरला बोलावून घेतलं आणि कपाळाला हात लावला. "उसळी लिहायला काय झालं होतं तुला? उद्याच पाइप बदलला असता."

"मग खोडून लिहितो की."

"खाडाखोड झाली तर फाइल चौकशीत जाते."

त्याने कोश पालथे घातले. अर्थ लगेच सापडला : द्रवाची अचानक उडणारी चिळकांडी; तसंच कोणताही अचानक येणारा आणि लवकर ओसरणारा जोर. मुळापाशी मात्र घोडं अडलं. कोशकारांनी प्रामाणिकपणे ‘मूळ अनिश्चित’ असं लिहून हात वर केले होते.

"अनिश्चित कसं चालेल?" साहेब म्हणाले. "रकाना आहे तो."

मग समिती नेमली गेली. इकडे आत्याचं मशीन आधी दोन विटांवर चढलं, मग चार, मग टेबलावर. ती उभ्याने शिवू लागली. "तुझ्या शब्दाचे आईबाप सापडेपर्यंत," ती भाच्याला म्हणाली, "मला पोहायला तरी शिकव."

सातव्या महिन्यात समितीने मतदान घेतलं. तीन विरुद्ध एक मतांनी स्पर्टचा जन्म एका थंड बंदरात झाल्याचं ठरलं. विरोधी सदस्याने सभात्याग केला आणि चहा आल्यावर तो परतला.

भाषांतरकार धावतच फाइल घेऊन गेला. साहेबांनी व्याख्या दोनदा वाचली.

"लवकर ओसरणारा. आणि हे किती दिवस चाललंय?"

"सात महिने, साहेब."

"मग हा स्पर्ट नव्हे. तक्रार गैरलागू."

दुसऱ्या दिवशी आत्या ओल्या चपलांनिशी कार्यालयात आली. दहा मिनिटं तिने साहेबांच्या सात पिढ्या उद्धरल्या. साहेब शांतपणे घड्याळ बघत होते. अकराव्या मिनिटाला तिला धाप लागली आणि ती बाकावर बसली.

"हा मात्र व्याख्येत बसतो," साहेब म्हणाले आणि त्यांनी टिपण लिहिलं : नागरिकाचा संताप, स्पर्ट, आपोआप ओसरला, कार्यवाहीची गरज नाही. खाली भाषांतरकाराची सही हवी होती. त्याच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिथे ती चार मिनिटं राहिली. मग त्याने सही केली.

टिपणाच्या शेवटी एक रकाना वाचकांसाठीही आहे : हे वाचून आलेला संताप, कालावधी. तो कार्यालयाने आधीच भरून ठेवला आहे. ‘पान उलटेपर्यंत.’