ॲस्पेनला कळू द्यायचं नाही

देवपाट गावात ॲस्पेनची झाडं आहेत, आणि आपण विदर्भात आहोत हे त्यांना कळू द्यायचं नाही असा नगरपरिषदेचा ठराव आहे.

नगराध्यक्ष प्रमिलाताई भोयर अभ्यासदौऱ्यावर परदेशी गेल्या होत्या. तिथल्या थंड डोंगरउतारावर त्यांना ही पांढऱ्या खोडांची झाडं दिसली. एवढ्यातेवढ्या वाऱ्याने त्यांची पानं थरथरत होती. आपल्यासमोर आपणहून थरथरणारं काहीतरी गावातही असावं, असं ताईंना वाटलं. शिवाय वरून कितीही खोडं दिसली तरी खाली मूळ एकच असल्यामुळे ही झाडं नेहमी एकमताने बोलत. हा गुण तर सभागृहात सगळ्यांनाच पसंत पडला.

"ही थंडीतली झाडं आहेत, ताई," उद्यान अधीक्षक रजनीकांत पडोळे म्हणाले. "चिखलदऱ्याला लावली तर कदाचित जगतील."

"चिखलदऱ्याला आपले मतदार राहतात का?"

राहत नव्हते. झाडं देवपाटच्या बागेतच लागली.

पहिल्याच सकाळी झाडांनी विचारलं, "महिना कोणता चालू आहे?"

"जानेवारी," पडोळे म्हणाले. एप्रिल अर्धा सरला होता.

तेव्हापासून बागेच्या आसपास स्वेटर सक्तीचा झाला. उसाच्या रसाची गाडी हलवली, पन्हं सूप म्हणून विकायचं ठरलं. हातावर हात चोळत चालण्याचं प्रशिक्षण शाळेच्या मैदानावर झालं, त्यात दोन नगरसेवक चक्कर येऊन पडले. त्यांचा सत्कार करण्यात आला. बागेतला जुना कडुनिंब नेमका त्याच सुमाराला फुलला होता. झाडांना संशय येईल म्हणून तो तोडला. लोक सावली मागायला आले, तेव्हा प्रशासनाने त्यांना विचारलं, "थंडीत सावली कशाला?" लोक हातावर हात चोळत परत गेले.

खताचा प्रश्न अवघड होता. पडोळेंना जुनं कुजलेलं शेणखत घालायचं होतं. पण त्याच्या वासावरून गाव ओळखू येईल, अशी हरकत निघाली. शेवटी पोत्यांवर बर्फाच्या डोंगराचं चित्र छापून तेच शेणखत घातलं. मग उद्घाटनाची तारीख जवळ आली आणि ताईंनी युरिया वाढवायला सांगितला.

"युरियाने नुसतीच उंच होतील, ताई. कोवळ्या पानांवर माव्याची कीड पडेल."

"उद्घाटनाला उंची दिसते, पडोळे."

झाडं भराभर वाढली, उद्घाटन झालं, मावा पडला. माव्यालाही काही कळू द्यायचं नाही, अशी दुरुस्ती ठरावात करून घेतली.

पडोळेंचं सरकारी घर बागेच्या भिंतीला लागून होतं. त्यामुळे त्यांची आई, चंद्रभागाबाई, घरातही शाल-स्वेटर घालून बसे. "काऊन बाप्पा, झाडासाठी मानसानं उकडून घ्याचं?" असं ती रोज विचारी, आणि पडोळे रोज तिला हळू बोलायला सांगत. पुढच्या वर्षी मे महिन्यात एका दुपारी ती स्वयंपाकघरात कोसळली. अंग भट्टीसारखं तापलं होतं. दवाखान्यातून डॉक्टर आले, त्यांनी नाडी पाहिली आणि खिडकीकडेही पाहिलं.

"थंडी बाधलीय," ते मोठ्याने म्हणाले. "उशाशी शेगडी ठेवा."

"डॉक्टर, ऊन लागलंय तिला!"

"मला काय समजत नाही?" डॉक्टर कानाशी येऊन म्हणाले. "पण बर्फ लावला तर बागेतून दिसेल."

पडोळेंनी खिडकी धाडकन लावून घेतली. आईच्या अंगावरची शाल काढली, ओल्या पंच्याने तिचं अंग पुसलं, कांद्याचा रस तळपायांना चोळला. संध्याकाळी तिने डोळे उघडले आणि पाणी मागितलं. ते पाणी पाजून पडोळे तसेच उठले. नोकरी जाणार हे त्यांना माहीत होतं. बागेत जाऊन त्यांनी झाडांसमोर स्वेटर काढून फेकला.

"ऐका," ते म्हणाले. "हा विदर्भ आहे. मे महिना आहे. आज पारा सत्तेचाळीसवर होता. आम्ही तुम्हाला फसवलं."

पानं थोडी थरथरली.

"आम्हाला पहिल्याच दिवशी कळलं होतं," झाडं म्हणाली. "मूळ जमिनीत असतं, पडोळे. जमीन तापलेली कळते."

"मग बोलला का नाही?"

"तुम्ही सगळे इतक्या मनापासून कुडकुडत होता! आम्हाला वाटलं, या लोकांना आपण कुठे राहतो हे माहीत नसावं. सांगितलं तर धक्का बसेल."

पडोळेंनी स्वेटर उचलला आणि सरळ ताईंचं घर गाठलं. ताईंनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हणजे झाडांचं सहकार्य आहे," त्या म्हणाल्या.

"ताई, आता स्वेटर तरी बंद करू या. माझी आई मरता मरता वाचली."

"आणि लोकांना काय सांगायचं? की वर्षभर उगाच घातला? कडुनिंब उगाच तोडला?" ताईंनी त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. "झाडांना कळलंय हे लोकांना कळू द्यायचं नाही. घ्या जबाबदारी. तुमच्याशी झाडं मोकळेपणाने बोलतात."

नोकरी गेली नाही. उलट बढती मिळाली.

घरी आल्यावर पडोळेंनी निदान आईपुरता तरी निर्णय घ्यायचं ठरवलं. घरात आता स्वेटर नाही, शाल नाही, कोणाला काय करायचं ते करू दे. पण चंद्रभागाबाई कोपऱ्यात गुडघे पोटाशी घेऊन बसली होती. तिने शाल परत अंगाभोवती गुंडाळली होती.

"काढ ते, आई. झाडांना सगळं माहीत आहे."

"राहू दे रे," ती म्हणाली. तिचे दात वाजत होते. "थंडी वाजते."

पडोळेंनी तिचा हात हातात घेतला. हात बर्फासारखा गार होता आणि बोलताना तिच्या तोंडातून वाफ निघत होती. बाहेर रस्त्यावरचं डांबर अजून पायांना चिकटत होतं.

त्यांनी माळ्यावरून रजई काढली आणि तिला पांघरली. थोड्या वेळाने, पाय गारठले म्हणून, रजईचंच एक टोक ओढून ते स्वतःही आत शिरले.