आत्यानं केलेली बदली

"माझी बदली म… म…" आशुतोष बोलायला लागला आणि शकुंतलाआत्यानं त्याच्या तोंडचं वाक्य काढून घेतलं.

"मुंबईला! बघा, मलासुद्धा आत्ताच कळतंय."

आशुतोषनं कपाळाला हात लावला. बँकेचा आदेश कालच आला होता आणि बदली होती झाशीजवळच्याच मऊरानीपूरला. मुलगी बघायला सिव्हिल लाइन्सला निघण्यापूर्वी त्यानं आत्याला सांगून पाहिलं होतं, पण ही बाई त्याला एक वाक्य धड संपवू देईल तर शपथ! जीभ अडली की धावलीच मदतीला. सगळ्या गावाला हीच खोड. मानिक चौकातला हलवाई तर बर्फीच्या ब-वरच बालूशाही बांधायचा आणि हा मुकाट ती खायचा. तोतरेपणापेक्षा या मदतीनंच त्याचा जीव नकोसा केला होता.

मुलीचे, ईशानीचे वडील रामकृष्णराव हरखले. झाशीत मराठी घरं ती किती, पोरगी महाराष्ट्रात जाणार म्हणून त्यांनी ठाण्याच्या भावाला फोन लावून फ्लॅट बघायलाही सांगितलं.

"न… न…" आशुतोष कळवळला.

"नक्की घेऊ भैया, घाई कशाला?" रामकृष्णराव म्हणाले.

हे लग्न असं ठरलं तर ईशानी आशुतोषला जन्मभर लबाड म्हणणार. ती बिचारी एकटीच गप्प बसून त्याच्याकडे बघत होती. त्यानं कप आदळला.

"थ… थ…"

"थोडा चहा?" आत्या म्हणाली.

"थांबा! म… मऊ… मऊरानीपूर. आणि मी अ… अडखळतो. पुढेही अडखळणार."

रामकृष्णरावांचा चेहरा पडला. शेवटी ईशानी बोलली.

"मला हे स्थळ…"

"पसंत नाही, कळलं," आशुतोष म्हणाला. एकदाही न अडखळता.

ईशानी भडकली. "वाक्य माझं होतं. इतका वेळ मी तुमचं एकदा तरी तोडलं का?"

आशुतोष ओशाळला. चुकलं, बोला, म्हणाला. पण ईशानीला आता कसली घाई! तिनं चहाचा घोट घेतला, मग आणखी एक. आशुतोषचा जीव टांगणीला लागला. आत्यानं तोंड उघडताच त्यानंच तिचा हात दाबला.

"…पसंत आहे," ईशानी म्हणाली.