सर्वांसाठी खुली पेटी

मला इलेक्ट्रॉनिक्स कुणीही शिकवलेलं नाही, हे आधीच सांगून ठेवतो. कॉलेजनं मला दारात उभं केलं नाही आणि मीही कॉलेजला पाया पडायला गेलो नाही! तरी २००९ साली मारुंजीच्या भाड्याच्या खोलीत बसून मी नखाएवढ्या मायक्रोकंट्रोलर चिपवर अख्खा ऑर्गन उभा केला. गळ्यात ओळखपत्राच्या दोऱ्या अडकवून फिरणाऱ्या हिंजवडीच्या आयटीवाल्या साहेबांनी करून दाखवावा!

झालं असं, की नांद्याचे माझे सासरे गेणबामामा भजनी मंडळाचे बुवा. उरवड्याची भजनस्पर्धा तोंडावर आणि त्यांच्या बाजाच्या पेटीचा भाता फाटलेला. मी छाती ठोकली, "मामा, भाता गेला खड्ड्यात! विजेची पेटी करतो!" आणि जुन्या पेटीच्या पट्ट्या उपटून नवीला लावल्या सुद्धा.

मामांनी ते पाहिलं आणि मटकन खालीच बसले. "जावईबापू, ती माझ्या वडलांची पेटी व्हती. आता ही स्पर्धेत नीट बोलली न्हाई, तर तुमी बी माझ्याशी बोलायचं न्हाई."

बोलली की! पहिल्याच सुराला गोठ्यातल्या म्हशीनं पान्हा चोरला!

चिप तापू नये म्हणून झाकणावर लांब फट ठेवली होती. राहिलं उपकार फेडणं. ज्या भल्या माणसांनी इंटरनेटवर या चिपचा प्रोग्राम फुकट वाटला, त्यांना स्मरून माझी पेटीही ओपन सोर्स! ज्याला येतं त्यानं उघडावी, सुधारावी. स्पर्धेच्या आदल्या दिवशी ती नांद्याच्या देवळात ठेवली, बटण बंद केलं आणि वर ठळक अक्षरात कागद चिकटवला: 'ही पेटी सर्वांसाठी खुली आहे. प्रत्येकाने यथाशक्ती हातभार लावावा.'

बायकोनं, हेमलतानं, वाचलं. "अहो, पण याचा अर्थ..."

"तुला टेक्निकल कळत नाही!" मी म्हणालो.

उरवड्याचा मांडव खच्चून भरलेला. मामांनी डोळे मिटून सा दाबला.

भोंऽऽऽ!

बोट उचललं.

भोंऽऽऽ!

स्वतःच्याच पेटीनं असा दगा द्यावा?

"आरं गळा दाबा तिचा!" पखवाजावरचे कोंडाजी ओरडले. पेटी ज्या स्कूटरच्या बॅटरीवर चालत होती तिची वायर उपटायला मी झेपावलो, तर मामांनी माझा हात धरला. "न्हाई! सोडू नका रं! ह्योच सा धरा!"

आणि मंडळानं खरंच तो धरला! मला जरा धीर आला, म्हणून पेटी अलगद सरळ केली. आतून खुळ्ळ असा आवाज झाला आणि सूर टुणकन चार पट्ट्या वर! मंडळ बिचारं मागोमाग वर चढलं. गळ्याच्या शिरा पडवळासारख्या फुगल्या, टाळकरी निळे पडले, परीक्षकांनी कानात बोटं घातली.

भजन संपल्यावर मी झाकण उघडलं. आत नाणीच नाणी! दहाची नोट, सुपारी, झेंडूचं फूल, वर हळदीकुंकू! सगळ्या तारा एकमेकींच्या गळ्यात.

"कुणी केला हा गाढवपणा?"

"गाढवपणा?" कोंडाजी भडकले. "तुमीच लिवलंय न्हवं, हातभार लावा म्हून? देवळात पेटी, पेटीला फट. आमी काय त्यात कपडे वाळत घालायचे? मी सोता पाच रुपये टाकलेत!"

आमचा नंबर आला नाही. परीक्षक माइकवरून म्हणाले, "गायन उत्तम. फक्त मांडवामागचा टेम्पोवाला हॉर्न वाजवत होता, त्याला आवरायला हवं होतं."

मामा बोलायचे बंद झाले ते झालेच! मग एकदा आपणहून दारात. "पेटी द्या."

"दुरुस्त करून देतो, मामा!"

"हात लावू नगा. हाय तशीच पायजे."

आता ती नांद्याच्या देवळात असते. फटीत नाणं टाकलं की भोंऽ! टाकणारा मान वळवून बघतो, किती जणांनी ऐकलं. लोक लांबून येतात. मामाही माझ्याशी बोलतात. पण पेटीला त्यांनी हे भलंमोठं कुलूप घातलंय आणि किल्ली स्वतःच्या करगोट्याला बांधलीये.

परवा मी म्हणालो, "मामा, जरा उघडा. प्रोग्राम सुधारायचाय."

मामांनी फटीकडे बोट दाखवलं. "आदी हातभार."